कोण उभं होतं, कुठे उभं होतं

रूळ ओलांडताना ते रुळावर पाय ठेवत नसत. आधी थांबायचे, डावीकडे बघायचे, उजवीकडे बघायचे, मग गुडघा उचलून पलीकडे पाऊल टाकायचे. आमच्या यार्डातले रूळ तेव्हा कोरे होते. काहींचे तर बोल्टसुद्धा आवळायचे बाकी होते. दोन्ही बाजूंना नजर जाईल तिथवर वाळू, आणि मालगाडी धावायला अजून अडीचेक वर्षं होती. तरी सत्तरीला टेकलेला तो उंच, थोडा पोक आलेला गोरा माणूस दर वेळी थांबायचा. मागे ताटकळलेले आमचे इंजिनीअर एकमेकांकडे बघून हसायचे.

मी हसलो नाही, कारण माझे वडील अगदी असंच करायचे. ते दौंडला रेल्वेत कीमन होते. खांद्यावर हातोडा टाकून रोज मैलोन्मैल रुळाकडेने चालायचं आणि रूळ धरून ठेवणाऱ्या, सैल झालेल्या चाव्या ठोकायच्या, हे त्यांचं काम. रुळावर पाय दिला की घसरतो, आणि घसरायला रेल्वेत दुसरी संधी नसते, असं ते म्हणायचे. लहानपणी दोनदा पाठीत धपाटा बसल्यावर माझ्या पायांना ते कायमचं कळलं होतं.

पहिल्याच आठवड्यात त्यांनी माझे पाय बघितले.

"हे तुला कोणी शिकवलं?"

"वडिलांनी. ते रेल्वेत होते."

"काय होते?"

मी सांगितलं. हातोडा, चाव्या, ऊन, सगळं. त्यांनी डोक्यावरचं हेल्मेट काढलं आणि माझ्याशी पुन्हा नव्याने हात मिळवला. आदल्या दिवशी ऑफिसात मिळवला होता तो जणू धरायचाच नव्हता.

मी अबू धाबीजवळ मुसफ्फातल्या एका कंत्राटदार कंपनीत डॉक्युमेंट कंट्रोलर होतो. म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्या पत्रांना नंबर द्यायचे, ती टाइप करायची, फाइल करायची आणि कोणी विचारलं की काढून द्यायची. वाळवंटातून जाणाऱ्या मालगाडीच्या लाइनचं आणि एका यार्डाचं काम आमच्याकडे होतं. ते आले ते सेफ्टी ॲडव्हायझर म्हणून. त्यांचं इंग्रजी संथ, स्पष्ट, इतकं सहज कळायचं की त्यांचं बोलणं मला आजही मराठीत आठवतं, आणि तसंच लिहितो आहे.

ऑफिसात त्यांचं नाव पडलं 'मिनिस्टर'. एचआरमधून बातमी फुटली होती की हा माणूस कॅनडातल्या एका प्रांतात चार वेळा आमदार होता आणि काही वर्षं मंत्रीसुद्धा. आमच्या साताऱ्याच्या सर्व्हेअरला हे काही केल्या पटेना.

"मंत्री होता आणि या वयात मुसफ्फात खडी तपासतोय? मग तिकडे केलं काय यानं? एखादा कारखाना, एखादं कॉलेज, काहीतरी असेल की नावावर."

मी हे त्यांना सांगितलं तेव्हा ते बराच वेळ हसले. मग म्हणाले, "त्याला सांग, मी इलेक्शन हरलेला माणूस आहे. माझ्या नावावर तेवढंच आहे."

तुम्हीही सभासमारंभांत राजकारणी माणसं जवळून पाहिली असतील. हात हातात असतो आणि नजर पुढच्या माणसावर. यांचं तसं नव्हतं. हात धरला की सोडायचे नाहीत. क्लीनर असो, बसचा ड्रायव्हर असो, नाव विचारायचे, गाव विचारायचे आणि मग ठरलेला प्रश्न, "तुमच्याकडे काय पिकतं?" पाकिस्तानी ड्रायव्हरने संत्री सांगितली, नेपाळी गँगमनने मका सांगितला. चिपळूणकडचा प्रकाश म्हणून एक रुळांचे सांधे बदलणारा पॉइंट्समन होता. तो म्हणाला, "भात. आंबेपण पिकतात, पण ते दुसऱ्यांचे." मी हे भाषांतर करून सांगितलं तर ते एकदम गंभीर झाले. दीड वर्षाने प्रकाश सुट्टीवर गावी जाऊन परत आला तेव्हा त्यांनी विचारलं, "दुसऱ्यांचे आंबे यंदा कसे होते?"

यार्डात शंटिंग करायचं म्हणजे इंजिनाने वॅगन मागेपुढे करायच्या, जोडायच्या, तोडायच्या. त्यासाठी निवडलेल्या बारा जणांना त्यांनीच शिकवलं. हाताचे इशारे, रेडिओवरचं बोलणं. दोन वॅगनच्या मध्ये शिरण्याआधी ड्रायव्हरला सांगायचं, त्याने ब्रेक लावून 'लावला' म्हणायचं, ते कानाने ऐकायचं, आणि मगच आत पाऊल. बाराही जणांना ते पन्नास-पन्नास वेळा करायला लावायचे. प्रकाश त्यात सगळ्यात तरबेज. तो 'लावला' ऐकल्यावरसुद्धा मनात तीन आकडे मोजायचा. ते म्हणायचे, "हा म्हातारा होऊन मरेल."

कुठे काही पडलं, कोणाला खरचटलं, तरी त्यांचा पहिला प्रश्न एकच असायचा. "कोण उभं होतं, आणि कुठे उभं होतं?" कोणाची चूक, हे ते विचारत नसत. इंजिनीअर सांगायला लागले की सर, त्या माणसाने ग्लोव्हज घातले नव्हते, तर ते हात वर करून थांबवायचे. "ते नंतर. कोण उभं होतं?" मग खडूने जमिनीवर आकृती काढायचे आणि सगळ्यांना आपापल्या जागी उभं करायचे. प्रोजेक्ट मॅनेजरलासुद्धा.

प्रोजेक्ट मॅनेजर आमचाच, मुंबईचा. वाईट माणूस नव्हता. त्याच्यावरही वरून दबाव असायचा. मिनिस्टर त्याला विचारायचे, "शंटिंगच्या टोळीला तिसरा रेडिओ कधी मिळणार?" दर टोळीत माणसं तीन आणि रेडिओ दोनच होते. एक ड्रायव्हरकडे, एक सुपरवायझरकडे. वॅगनच्या मध्ये शिरणाऱ्याला ड्रायव्हरचा आवाज थेट ऐकू येत नसे, सुपरवायझर ओरडून सांगेल तेवढंच.

"नेक्स्ट वीक, इन्शाल्ला," मॅनेजर म्हणायचा.

केबिनमधून बाहेर आल्यावर ते मला म्हणायचे, "आमच्याकडे यालाच 'विचाराधीन' म्हणायचे. मी स्वतः कितीतरी गोष्टी विचाराधीन ठेवल्यात." आणि पत्र सांगायचे. मी टाइप करायचो. अशी तीन पत्रं गेली. तिन्हींचे नंबर मला आजही पाठ आहेत.

एकदा गणपतीत त्यांना घरी जेवायला बोलावलं. आम्ही तेव्हा मुसफ्फातच शाबियाला राहत होतो. ते बूट बाहेर काढून आले, गणपतीपुढे हात कसे जोडायचे ते माझ्या मुलीला विचारून घेतलं. ती दहा वर्षांची, माझ्याशी बोलताना इंग्रजीतच उत्तरं देणारी. तिला त्या दिवशी हक्काचा श्रोता मिळाला. बायकोने दळायला काढलेले गहू परातीत होते. ते उठले, चिमूटभर गहू उचलले आणि तोंडात टाकून चघळत बसले. त्यांच्याकडे म्हणे पोरं शेतात असंच करतात, चघळून चघळून त्याचा चिकट गोळा होतो.

बायको आत येऊन मला हळूच म्हणाली, "अहो, मंत्री होते म्हणता आणि कच्चे गहू काय खातायत? पान वाढायला घ्या लवकर."

त्यांनी चार पुरणपोळ्या खाल्ल्या. जाताना दारात म्हणाले, "माझ्या बायकोला हे फार आवडलं असतं." त्यांची बायको कधी गेली, कशाने गेली, ते बोलले नाहीत. आम्हीही विचारलं नाही.

त्यांची खरी हकिकत मला कळली ती अल ऐनच्या रस्त्यावर. रुळाखाली टाकायची खडी त्या बाजूच्या एका खाणीतून यायची. ती बघायला ते महिन्यातून एकदा जायचे आणि कागद घेऊन मी बरोबर असायचो. गाडी ते स्वतः चालवायचे. सरळसोट रस्ता, दोन्हीकडे वाळू. त्यांना तो रस्ता आवडायचा. म्हणायचे, "सपाट आहे. सपाट जागी माणूस खोटं बोलू शकत नाही असं माझे वडील म्हणायचे. चुकीचं होतं ते. मी सपाट जागीच खोटं बोललो."

त्यांचा प्रांत म्हणजे नुसता गहू. मैलोन्मैल. गाव म्हणजे एक रस्ता, एक हॉल, एक चर्च आणि रुळालगत पाच-सहा मजली लाकडी धान्यकोठार. मुख्य लाइनला फाटा फुटून एक छोटी लाइन त्यांच्या गावाला यायची. गाडी क्षितिजावर दिसली की आई चहाची किटली ठेवायची. चहा पिऊन झाला की गाडी स्टेशनात. अठराव्या वर्षी ते त्याच लाइनवर गँगमध्ये लागले. मग ब्रेकमन, मग मालगाडीचे गार्ड.

एका हिवाळ्यात त्यांच्या टोळीतला एक जण दोन वॅगनच्या मध्ये चिरडला. रेल्वेने चौकशी केली आणि ठरवलं की चूक मेलेल्याची. हे उठून उभे राहिले आणि म्हणाले, मी तिथे होतो. कोण उभं होतं, कुठे उभं होतं, मी सांगतो. आठ महिने ते भांडले आणि निकाल फिरवून घेतला. त्या माणसाच्या विधवेने गावच्या हॉलमध्ये सगळ्यांसमोर त्यांचा हात धरला. पुढच्या निवडणुकीला लोकांनी त्यांना उभं केलं.

"मला राजकारण येत नव्हतं," ते म्हणाले. "मला फक्त कोण कुठे उभं होतं ते सांगता येत होतं. तेवढ्यावर मी तीनदा निवडून आलो. चौथ्यांदा मंत्री झालो, आणि तिथे मात्र मी स्वतः कुठे उभा आहे ते विसरलो."

झालं असं की रेल्वे कंपनीला गावोगावच्या त्या छोट्या लाइन परवडेनात. त्यांच्या गावची लाइन बंद करायचं ठरलं. शेतकरी एकत्र आले. म्हणाले, आम्ही मिळून ती लाइन विकत घेतो, सरकारने थोडा हातभार लावावा. यांनी हॉलमध्ये उभं राहून शब्द दिला. मंत्रिमंडळात विषय निघाला तेव्हा सगळे विरोधात गेले. यांनी राजीनामा लिहिला होता. कोटाच्या आतल्या खिशात होता.

"मग?" मी विचारलं.

"खिशातच राहिला. मला वाटलं, आत राहून काहीतरी करता येईल. असं वाटणं फार सोपं असतं."

पुढे उंटांसाठी लावलेली पाटी आली, त्यांनी वेग कमी केला.

"मग गावच्या हॉलमध्ये जाऊन मीच सांगितलं की लाइन जाणार. कोणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. फक्त ती विधवा, तेव्हा म्हातारी झाली होती, ती उठली आणि म्हणाली, 'तू आत होतास तेव्हा काय म्हणालास?' मी म्हटलं, बैठकीतलं बाहेर सांगता येत नाही."

पुढच्या निवडणुकीत ते पडले. स्वतःच्या गावच्या पेटीतून मूठभर मतं निघाली. रूळ उखडून नेले, मग कोठार पाडलं, मग शाळा गेली, मग माणसं गेली. बायको त्याच गावात राहायचं म्हणाली म्हणून तेही राहिले. लोक रस्त्यात भेटले की नमस्कार करायचे आणि पुढे जायचे. इतकी वर्षं. ती गेल्यावर त्यांनी कुठेतरी वाचलं की वाळवंटात नवी रेल्वे टाकतायत.

"जगात कुठेतरी रूळ उखडत नाहीत, टाकतायत, हे वाचून बरं वाटलं," ते म्हणाले. "म्हटलं, मरायच्या आधी एक लाइन टाकलेली बघू."

त्यानंतरच्या उन्हाळ्यात प्रकाश गेला.

दुपारच्या उन्हातल्या सक्तीच्या सुट्टीनंतर काम नुकतंच सुरू झालं होतं. दुसऱ्या दिवशी मोठे साहेब यार्ड बघायला येणार म्हणून खडीच्या वॅगन मुख्य रुळावरून हलवायची घाई होती. दोन वॅगन जोडणारं एक कपलिंग अडकलं होतं. सुपरवायझरने रेडिओवर ड्रायव्हरला थांबायला सांगितलं आणि प्रकाशला हात करून आत जायला सांगितलं. प्रकाश शिरला. तेवढ्यात सुपरवायझरच्या रेडिओवर ऑफिसातून कोणीतरी विचारलं, यल्ला, चला लवकर, किती वेळ अजून? तो म्हणाला, होतंय, होतंय, एक वॅगन मागे आली की झालं. ड्रायव्हरने तेवढंच ऐकलं, आणि इंजिन मागे आणलं.

मी ऑफिसात होतो. मिनिस्टर यार्डात पोचले तेव्हा प्रकाशला बाहेर काढलेलं होतं. मी गेलो तेव्हा ते त्याच्याजवळ उन्हात गुडघ्यावर बसले होते. पुढे त्यांनी कोणालाही हलू दिलं नाही. खडूने आकृती काढली. कोण उभं होतं, कुठे उभं होतं. रेघा वाकड्या येत होत्या.

कंपनीने आतली चौकशी समिती नेमली. तीन दिवसांत रिपोर्टचा मसुदा माझ्याकडे टाइप करायला आला. त्यात लिहिलं होतं की कामगाराने ब्रेक लावल्याची खात्री न करता वॅगनच्या मध्ये प्रवेश केला. रेडिओचा उल्लेख नव्हता.

सहीसाठी कागद मिनिस्टरांकडे गेला. त्यांनी सही केली नाही. समितीच्या बैठकीत ते म्हणाले, "ज्या माणसाला खात्री करायचं साधनच दिलं नव्हतं, त्याने खात्री केली नाही असं मी लिहिणार नाही. तिसऱ्या रेडिओसाठी मी तीन पत्रं दिली आहेत."

मॅनेजर माझ्याकडे वळला. आदल्या दिवशी त्याने मला केबिनमध्ये बोलावलं होतं. मराठीत बोलला, एरवी बोलत नसे. "हे बघ जगताप, तो म्हातारा उद्या विमानात बसून जाईल. तुला-मला इथे राहायचंय. तुझी मुलगी कुठल्या इयत्तेत आहे? मी तुला काही फाडून टाक म्हणत नाही. फक्त स्वतःहून काही बोलू नकोस."

बैठकीत अध्यक्षांनी विचारलं, "अशी पत्रं रेकॉर्डवर आहेत का?"

तिन्ही नंबर माझ्या जिभेवर होते. मी म्हणालो, "फाइल बघावी लागेल, सर."

"ठीक आहे, बघून कळवा," अध्यक्ष म्हणाले, आणि पुढचा विषय घेतला. मला पुन्हा कोणी विचारलं नाही. मीही कळवलं नाही.

मिनिस्टरांनी माझ्याकडे पाहिलं. त्या पाहण्यात राग असता तर मी तो सहन केला असता. त्यात ओळख होती. बैठक संपल्यावर जिन्यात ते माझ्याजवळ थांबले आणि म्हणाले, "तुझ्या जागी मी उभा राहिलेलो आहे. म्हणून मी तुला काही म्हणणार नाही." आणि खाली उतरून गेले. ते काही म्हणाले असते तर फार बरं झालं असतं.

रिपोर्टवर दुसऱ्या कोणाची तरी सही झाली. मिनिस्टरांना कळवण्यात आलं की त्यांचं काम पूर्ण झालं आहे. एचआरवाला नंतर कँटीनमध्ये हात झटकत म्हणाला, "मिनिस्टर खलास."

जायच्या आधी त्यांनी माझ्याकडे एकच गोष्ट मागितली. प्रकाशचा थोरला भाऊ शारजात गवंडीकाम करायचा. तो भावाचं सामान न्यायला लेबर कॅम्पवर येणार होता. "मला त्याच्याशी बोलायचंय. तू ये. मला भाषा येत नाही."

शुक्रवारची सकाळ होती. कॅम्पच्या त्या खोलीत सहा बंक, एकावरची गादी गुंडाळलेली. खोलीतले बाकीचे आम्हाला बघून बाहेर गेले. भाऊ चाळिशीचा, काटकुळा. लोखंडी ट्रंकेत शर्ट घड्या घालून ठेवत होता. घड्या फार नीट होत्या. त्याने आम्हाला बसायला बंकवर जागा करून दिली.

मिनिस्टर बसले नाहीत. म्हणाले, "त्याला सांग, मी त्याच्या भावाला काम शिकवलं. तो माझ्याकडचा सगळ्यात चांगला माणूस होता."

मी सांगितलं.

"सांग की कागदावर काहीही लिहिलेलं असलं तरी चूक त्याच्या भावाची नव्हती. त्याच्याजवळ रेडिओ नव्हता. त्याला ड्रायव्हरचं बोलणं ऐकू येणं शक्यच नव्हतं."

मी सांगितलं. भावाने घडी घालणं थांबवलं.

"चूक नव्हती त्याची?" त्याने मला विचारलं.

"नव्हती."

"गावाला सगळे म्हणतायत, निष्काळजीपणे गेला. आईला तेच सांगितलंय कंपनीच्या माणसाने फोनवर." त्याने हातातला शर्ट खाली ठेवला. "मग रेडिओ का नव्हता त्याच्याकडे?"

"मागितला होता. साहेबांनी तीनदा पत्र दिलं होतं. मीच टाइप केलं होतं."

हे वाक्य मी पहिल्यांदाच उच्चारलं होतं. आतापर्यंत बायकोजवळसुद्धा बोललो नव्हतो.

भाऊ माझ्याकडे बघत राहिला. तो हुशार होता. "मग तुम्ही सांगितलंत का हे? चौकशीत?"

मी म्हणालो, "नाही."

मिनिस्टर आम्हा दोघांच्या तोंडांकडे आळीपाळीने बघत होते. "काय विचारतोय तो?"

मी म्हणालो, "विचारतोय, प्रकाशला गावाला न्यायची परवानगी कधी मिळेल."

ते काही क्षण माझ्याकडे बघत राहिले. मग मान हलवली. "सांग, सोमवारी. कागद मी स्वतः बघितलेत." मी भावाला म्हणालो, "सोमवारी." त्याने विचारलेलाच नव्हता असा प्रश्न, आणि त्याला मिळालेलं हे उत्तर. तो पुन्हा शर्टाची घडी घालायला लागला.

मिनिस्टर पुढे झाले आणि त्यांनी त्याचा हात धरला. बराच वेळ धरला. मी बाहेर जाऊन गाडीपाशी उभा राहिलो.

पुढच्या आठवड्यात ते गेले. विमानतळावर सोडायला मी गेलो होतो. सामान म्हणजे एक जुनी सूटकेस. आम्ही हवापाण्याबद्दल बोललो. तिकडे आता पेरण्या झाल्या असतील का, असं मी विचारलं, तर म्हणाले, कापणी जवळ आली असेल. यार्डातून पहिली मालगाडी सुटली ती त्यानंतर सात महिन्यांनी. आम्हाला सगळ्यांना टोप्या आणि मिठाई मिळाली. मी त्यांना फोटो पाठवला. उत्तर आलं, "लांबलचक दिसतेय. छान."

त्यानंतर माझं आणि त्यांचं नियमित बोलणं असं राहिलं नाही. सणाला मी मेसेज करायचो, त्यांचं दोन शब्दांचं उत्तर यायचं. मी कितीदा तरी लिहायला बसलो की त्या दिवशी मी तुम्हाला चुकीचं सांगितलं, त्याने वेगळंच विचारलं होतं. दोन ओळी लिहायचो आणि पुसायचो. मग मी कंपनी बदलली. दुबई सिलिकॉन ओएसिसमध्ये आलो. इथे फाइली कागदाच्या नसतात.

गेल्या हिवाळ्यात त्यांच्या पुतणीचा मेल आला. काका गेले. शेवटी गावातच होते. हॉलमध्ये प्रार्थना झाली, थंडी फार असल्याने माणसं थोडी होती. त्यांच्या फोनमध्ये तुमचं नाव होतं म्हणून कळवते, असं तिने लिहिलं होतं.

कोणाला सांगावं ते मला कळेना. जुन्या ऑफिसातलं फारसं कोणी उरलं नव्हतं. सर्व्हेअर साताऱ्याला परत गेला होता, मॅनेजर दुसऱ्या देशात. शेवटी मी प्रकाशच्या भावाचा नंबर शोधून काढला. तो अजून शारजातच होता. त्याने मला ओळखलं, पण नाव घेतलं नाही.

"ते साहेब गेले," मी म्हणालो.

त्याच्या मागे कुठेतरी काँक्रीटचा मिक्सर फिरत होता. मग तो म्हणाला, "दोन महिने फोन नाही आला, तेव्हा वाटलंच मला."

"कोणाचा फोन?"

"साहेबांचा. दर महिन्याला यायचा. त्या दिवशी खोलीतून निघताना नंबर लिहून घेतला होता त्यांनी. इंग्रजी मला येत नाही, त्यांना हिंदी नाही. ते 'मदर?' म्हणायचे, मी 'गुड' म्हणायचो. ते 'राइस?' म्हणायचे, मी 'गुड' म्हणायचो. आई गेली त्या महिन्यात मी काही बोललोच नाही, तर तेही बराच वेळ तसेच थांबले लाइनवर. ठेवला नाही फोन."

मी म्हणालो, "मला सांगायचं होतंत. मी भाषांतर करून दिलं असतं."

मिक्सर फिरत राहिला.

मग तो म्हणाला, "बाकी तुमचं बरं?"

मी 'हो' म्हटलं.